पल्याडचं पंचांग

वैरागडेला तारीख विचारायची नाही, हे जबलपूरच्या फॅक्टरीतल्या आमच्या शॉपमध्ये नवा माणूस आला की त्याला पहिल्याच दिवशी सांगावं लागे. मलाही सांगितलं होतं. पण सांगितलेलं ऐकायची मला सवय नाही, म्हणून मी विचारलं. जेवणाच्या सुट्टीत आम्ही नळाजवळ हात धूत होतो.

"वैरागडे, आज तारीख किती झाली?"

त्यानं लाकडाचा भुसा तळहातावर घेतला, तेलकट हात चोळले, वर पत्र्याकडं पाहिलं आणि म्हणाला, "इकडची का पल्याडची?"

"पल्याड म्हणजे?"

"पल्याडात आज ओल्या लाकडाच्या महिन्यातला लंगडा सोमवार आहे. इकडचं मले नाई माहीत. इकडचं टाइम ऑफिसातल्या तिवारीजीले विचारा."

मला वाटलं, हा मला बनवून राहिला. मी चौथीपर्यंत शिकलेला माणूस आहे, पण मला कोणी बनवलेलं चालत नाही. बरेच दिवस मी त्याच्याशी बोललो नाही. त्याला ते कळलंसुद्धा नाही. तो रोज त्याच हसऱ्या तोंडानं "या बोंदरे भाऊ" म्हणायचा आणि आपल्या डब्यातली चटणी माझ्या पोळीवर ठेवायचा.

पुढं फॅक्टरीजवळ रांझीत क्वार्टर मिळालं तेही नेमकं त्याच्या शेजारचं. मधे एक भिंत, व्हरांड्यात नुसता बांबूचा टट्टा. आता ह्या माणसापासून सुटका नाही म्हटलं, आणि बोलायला लागलो.

नारायण वैरागडे हिंगणघाटकडचा. फिटर. हात असा की बिघडलेल्या मशीनवर नुसता ठेवला तरी ती गप्प होई, असं लोक म्हणत. मी तसं काही पाहिलं नाही. मी पाहिलं ते हे: तो सायकल चालवायचा कमी आणि ढकलायचा जास्त. डोक्यात काही शिरलं की खाली उतरे आणि सायकल हातात धरून घरापर्यंत पायी येई. पोळी मधून खायला सुरुवात करी, काठ शेवटी. भांडणात कोणी त्याला साक्षीला धरलं की एकच वाक्य, "दोघांचंही बरोबर आहे." मी एकदा चिडून म्हटलं, "अरे, दोघांचं बरोबर असेल तर भांडण कशाला झालं?" तो म्हणाला, "म्हणूनच झालं ना भाऊ."

हे घ्या.

आम्ही इकडं आलो तेव्हा नागपूर आणि जबलपूर एकाच राज्यात होतं. मग राज्यं वेगळी झाली. आमचं नागपूर तिकडं गेलं, आम्ही नोकरीपायी इकडंच राहिलो. वैरागडेनं तर लग्नही इकडंच केलं. शांती भाभी दमोहची, घरात हिंदी. त्या काळी ही लहान गोष्ट नव्हती. मोठा भाऊ हिंगणघाटला, तो वर्षभर रुसला. पण बाप वारला तेव्हा माय मात्र धाकट्याकडं राहायला आली. म्हणाली, मोठ्याच्या घरी माणसं पुष्कळ, इकडं एकटा आहे बिचारा. सुनेला तिनं मोजलंच नव्हतं.

त्या घरात सासू-सुनेचं पहिलं भांडण झालं ते महिन्यावरून.

हे नीट सांगतो, कारण मराठी मुलखात राहणाऱ्याला हे माहीत असायचं कारण नाही. आपला महिना अमावस्येला संपतो. इकडच्या हिंदी लोकांचा पुनवेला. म्हणजे गुरुपौर्णिमा झाली की दुसऱ्या दिवशी शांती भाभीचा सावन लागे. मायचा मात्र आषाढच चालू. सून सोमवारचा उपवास धरून बसलेली, आणि माय त्याच चुलीवर कढई चढवून आखाडाचं तळण तळते आहे. गुलगुले, तिखटाच्या पुऱ्या. वर सुनेला म्हणते, "खा ना व शांते, आखाड आहे."

"अम्माजी, आज सावन का पहला सोमवार है."

"कायचा सावन? अजून आमुशा कुठं झाली?"

मग राखी पौर्णिमा आली की उलटं. सुनेचा सावन सरला. तिचा भाऊ नर्मदेचे मासे घेऊन हजर. आणि मायचा श्रावण पोळ्यापर्यंत बाकी! माय नाकाला पदर लावून व्हरांड्यात बसे आणि साऱ्या गल्लीला ऐकू जाईल असं म्हणे, "राज्य तोडलं तं तोडलं, महिने काहून तोडता रे बावा?"

मधे वैरागडे. ना आखाड, ना मासे. महिना-दीड महिना तो मुगाच्या वरणावर राही आणि म्हणे, "दोघींचंही बरोबर आहे."

एका वर्षी मासे शिजले त्याच पातेल्यात चुकून मायचं दूध तापलं. मायनं ट्रंक काढली. "मी जाते हिंगणघाटले." ट्रंक दारापर्यंत आली, वैरागडेनं परत आत ठेवली. पुन्हा बाहेर, पुन्हा आत. हे मी टट्ट्यातून पाहिलं. त्या दिवशी संध्याकाळी तो माझ्याकडं आला तेव्हा त्याचा चेहरा मी पहिल्यांदाच बिनहसरा पाहिला.

"भाऊ, माय गेली तं मोठा म्हणन, पाहा, सांभाळता नाई आली. आणि शांतीले लोक म्हणतीन, हिनं काढली. माय इथंच राहिली पाहिजे. काहीही करून."

मी म्हटलं, "मग एका बाईला दाब."

"कोणाले?"

माझ्या घरातही मी कोणाला दाबू शकलो नव्हतो.

तेव्हापासून पल्याड वाढला. आधी तो त्याच्या डोक्यातला एक खेळ होता. शॉपमधल्या आवाजात कोणाशी बोलता येत नाही, तेव्हा तो मनातल्या मनात एक देश रचत बसे. तिथं नदी संध्याकाळी उलटी वाहते, लोक पत्र्याचे जोडे घालतात, असलं काहीबाही. आता त्या देशाला त्यानं पुरतं पंचांग बसवलं. व्हरांड्याची भिंत चुन्यानं पांढरी केली आणि गेरूनं तिच्यावर महिने मांडले.

मी पाहायला गेलो. मला काही कळलं नाही, हे लपवत नाही. महिन्यांची नावं ओलं लाकूड, करपली पोळी, पाहुणा, भोंगा, अशी. सगळ्यांची लांबी वेगळी. लंगडा सोमवार म्हणजे जो दुपारीच संपतो. आणि वर दोन चंद्र काढलेले. एक वाढतो तेव्हा दुसरा घटतो.

"दोन काहून?"

"म्हणजे आमुशा नाई आणि पुनवही नाई. आकाशाकडं पाहून महिना कधी लागला, सांगताच येत नाई कोणाले."

"मग महिना लागतो कसा?"

"घरातली सगळ्यात मोठी बाई उंबऱ्यात पाण्याचा लोटा ठेवते आणि नाव घेऊन महिन्याले आत बोलावते. आणि सून उंबरा झाडून त्याले बाहेर काढते. दोघींनी केल्याशिवाय महिना हलत नाई."

"आणि दोघींनी नाही केलं तर?"

"तं तोच महिना चालू राहते. राजाचंही काही चालत नाई."

मी विचार केला आणि म्हटलं, "दोन चंद्र असतील तर एकमेकांच्या आड येतील. ग्रहणं किती लागतील, पाहिलं का?"

तो चिडेल असं मला वाटलं होतं. त्यानं माझे दोन्ही हात धरले. "भाऊ! हे मी पाहिलंच नव्हतं!" पुढचा आठवडाभर त्यानं सायकल ढकलतच नेली. मग येऊन सांगितलं, पल्याडात एक चंद्र दुसऱ्याआड गेला की घरात जो रागावला असेल त्यानं सगळ्यांच्या आधी जेवायचं. हा नियम माझ्यामुळं आला. पंचांग कितीही वेडं असो, ग्रहणाचं कलम माझं आहे.

फॅक्टरीत त्याची चेष्टा होई. एकदा तो टाइम ऑफिसात तिवारीजींकडं गेला आणि सरळ म्हणाला, "साहब, कल हमारे पल्याड में त्योहार है, आधा दिन छुट्टी चाहिए." तिवारीजी चष्म्यावरून पाहत म्हणाले, "वैरागडे जी, पल्याड वालों से कहिए, हाज़िरी भी वहीं लगा लें." सगळे हसले. वैरागडेही हसला आणि खरंच विचारात पडला. मला हळूच म्हणाला, "हजेरी! पल्याडात हजेरी कोण घेत असन हो?" म्हणजे बघा. माणूस अपमान करतो आणि ह्याला त्यातून सामान मिळतं.

घरात मायनं आधी कपाळावर हात मारला. "माह्या पोराचं डोकं फिरलं." पण गंमत अशी की सकाळी उठून तिनंच लोटा भरला. सुनेनं झाडू घेतला. का घेतला, कोणास ठाऊक. वेड्याची समजूत काढावी म्हणून असेल. मग दोघींना चव लागली. माय मुद्दाम महिना आत घ्यायला उशीर करी, सून मुद्दाम बाहेर काढत नसे. एकदा करपल्या पोळीचा महिना सरता सरेना. गल्लीतल्या बाया येता-जाता विचारत, "क्यों अम्माजी, गया क्या महीना?" अम्माजी मान हलवत, नाही गेला म्हणून.

आणि श्रावणाचं काय केलं? तेही पल्याडच्या कायद्यानं. सुनेचा सावन लागल्यापासून अमावस्येपर्यंत मायनं तळण तळायचं ते माझ्या घरी, माझ्या चुलीवर. अमावस्या ते पौर्णिमा दोघींचा श्रावण एकच, तेवढे दिवस दोघींनी मिळून पाळायचे. आणि पौर्णिमेनंतर सुनेच्या भावानं आणलेले मासे शिजायचे तेही माझ्याच घरी.

माझी बायको म्हणाली, "भाऊजी, मग आमचं घर तुमच्या देशात कुठं आहे?"

"वहिनी, तुमचं घर म्हणजे सरहद्द."

मी आधी नाही म्हटलं. माझ्या घरात दुसऱ्याचा कायदा मी चालू देत नाही. मग पहिला घाणा निघाला, आणि गुलगुले खाता खाता माझा हट्ट जरा बाजूला राहिला. त्या पावसाळ्यात मी आखाड खाल्ला, मासेही खाल्ले. ट्रंक पलंगाखाली गेली. दोन-तीन वर्षं त्या घरातून मोठा आवाज ऐकू आला नाही. वैरागडे सायकलवर बसून घरी येऊ लागला.

पंचांगात एक दिवस मात्र असा होता की त्याचं मला तेव्हाही काही उमगलं नाही. वर्षातला शेवटचा महिना सुनेनं झाडून काढला आणि पहिला महिना सासूनं अजून आत घेतला नाही, तर मधे जो उरतो तो. कोणत्याच महिन्यात नाही. त्याला तो उरलेला दिवस म्हणे. नियम असा, की त्या दिवशी ज्याला जे बोलायचं ते बोलावं. दुसऱ्या दिवशी ते कोणी धरायचं नाही.

"धरायचं नाही म्हणजे?"

"म्हणजे बोललंच नाई."

"मग बोलून काय उपयोग?"

"तेच मीही पाहून राहिलो," तो म्हणाला.

पहिली वर्षं तो दिवस आलाच नाही. माय सकाळी सुनेच्या झाडूपाठोपाठ लोटा ठेवून मोकळी होई. मग एका वर्षी, उन्हाळा नुकताच लागला होता, सुट्टीचा दिवस. मी व्हरांड्यात सायकलचं पंक्चर काढत बसलो होतो. टट्ट्यापलीकडं सुनेनं उंबरा झाडला. लोट्याचा आवाज आला नाही. माय खाटेवर बसली होती. म्हणाली, "आज उरलेला दिवस आहे. शांते, बस."

वैरागडे आतून धावत आला. "माय, लोटा भरून देऊ का?"

"तू चूप. तुहाच कायदा आहे."

मग ती बोलली. मी उठून जायला हवं होतं असं कोणी म्हणेल. पण चाक उघडं पडलं होतं आणि व्हरांडा माझा होता.

"शांते, मले हिंगणघाटले जायचं आहे. तुह्यावर राग नाई. इथं माह्या तोंडाले गंज चढला. भाजीवालीले बोट दाखवून भाजी घेते मी. देवळात जाते तं मुकी बसते. नारायण फॅक्टरीच्या भोंग्यावर जाते, भोंग्यावर येते. साऱ्या जबलपुरात मी बोलत होती ते तुह्याशी. सकाळी उठलं की भांडायले काहीतरी असे. आता या पंचांगानं तेही मिटवलं. दिवसभर मी एक लोटा ठेवते आणि बसून राहते."

मग शांती भाभी रडक्या आवाजात म्हणाली, "तो झगड़िए ना अम्माजी! किसने रोका है?"

"तुह्या नवऱ्यानं."

वैरागडे तिथंच उभा होता. त्यानं भिंतीकडं पाहिलं. मला त्याची पाठ दिसत होती, म्हणून तोंड कसं झालं ते सांगता येणार नाही.

दुसऱ्या दिवशी मायनं रोजच्यासारखा लोटा ठेवला, ओल्या लाकडाच्या महिन्याला आत बोलावलं आणि कालच्याबद्दल चकार शब्द काढला नाही. नियम म्हणजे नियम. दिवस गेले तरी काढला नाही.

वैरागडे माझ्याकडं आला. "भाऊ, धरायचं का नाई धरायचं?"

मी म्हटलं, "तुझंच कलम. बोललंच नाही म्हणजे बोललंच नाही. माय इथं राहावी म्हणून तर सारं केलंस. राहिली. आता कशाला उकरतोस?"

"दोघींनी कायदा पाळला भाऊ."

"मग झालं तर."

"पण मी ऐकलं ना."

ह्याच्यावर मी पुष्कळ बोललो. आपणच केलेला नियम आपणच मोडायचा तर केला कशाला, हे मला आजही पटत नाही. एवढी भिंत रंगवली, राजाचंही चालत नाही म्हणून सांगितलं, आणि शेवटी म्हातारी एकदा बोलली तेवढ्यावर सगळं सोडून द्यायचं? तो मान हलवत राहिला. मला वाटलं, आता म्हणेल, दोघांचंही बरोबर आहे. म्हणाला नाही. उठून गेला आणि मायला हिंगणघाटला पोचवायला टाइम ऑफिसात इकडच्या तारखेनं रजा मागितली. तिवारीजींना कोणीतरी सांगितलं असावं. ते चेष्टा न करता हो म्हणाले.

पुढं काय झालं ते आधीच सांगून टाकतो, कारण मला शेवटी दुसरं सांगायचं आहे. वैरागडे परत आलाच नाही, शांती भाभीही आली नाही. तिकडूनच त्यानं बदलीसाठी खटपट केली आणि नागपूरकडच्या फॅक्टरीत त्याला जागा मिळाली. सामान न्यायला शांती भाभीचा भाऊ आला. क्वार्टर दुसऱ्याला मिळालं, त्यानं भिंतीला हिरवा रंग दिला. तिकडं शांती भाभीशी हिंदीत कोण बोलत असेल, हे मी तिच्या भावाला विचारणार होतो, पण तो घाईत होता. तिलाही तिकडं बोट दाखवून भाजी घ्यावी लागली असेल का? का मायनं तिच्यासाठी तोंड उघडलं असेल? मला खरंच माहीत नाही.

तर ती सकाळ. छोट्या लाइनच्या, अरुंद रुळांच्या गाडीनं गोंदियावरून हिंगणघाटला जायचं होतं. रांझीच्या स्टॉपवर स्टेशनची बस उभी. ट्रंक वर टपावर चढवायला वैरागडे मागची शिडी चढला होता. माय आत खिडकीशी बसली होती. शांती भाभी यायची नव्हती, ती घरीच थांबणार होती. मी पोचवायला आलो होतो.

एवढ्यात शांती भाभी धावत आली. हाताला भांड्याची राख तशीच, पदर खोचलेला, पायात काही नाही. कडेवर लोणच्याची बरणी. बसमध्ये चढली आणि सासूच्या मांडीवर बरणी ठेवली.

"ये रह गया था. और खिड़की बंद कीजिए, कान में हवा लगेगी."

"लागू दे. माहा कान आहे."

"रास्ते भर फिर कौन सुनेगा, कान दुखा, कान दुखा?"

"तू कायले ऐकतेस? तू चालली का संग?"

"स्टेशन तक."

"मंग सरक तिकडं. बरणी माह्या अंगावर काहून ठेवली? तेल गळून राहिलं."

"आपने ढक्कन ही टेढ़ा लगाया था कल!"

"मी? मी लावलं का?"

कंडक्टरनं शिटी मारली. वैरागडे शिडीवरून खाली उतरला आणि हात झटकत मागं सरला, ट्रंक नीट बसली का पाहायला. बस निघाली.

दोघींपैकी एकीलाही कळलं नाही. मला खिडकीतून दिसत होतं, मायचा हात वर-खाली होत होता, सुनेचा पदर सुटला होता, दोघी एकाच वेळी बोलत होत्या. वैरागडे मागं धावला. तिकिटं त्याच्या खिशात होती. मी ओरडलो, "अरे, हाका मार!" त्यानं हाक मारली नाही. नुसता धावत राहिला, आणि धावता धावता हळू झाला, जसा काही त्याला ते भांडण मधेच तोडायचं नव्हतं.

मग एक दूधवाला सायकलवरून आला, त्याला त्यानं थांबवलं. मागच्या कॅरिअरला दोन्ही बाजूंनी कॅन लटकलेले, पाय ठेवायला जागा नाही. वैरागडे उलट्या तोंडानं बसला, माझ्याकडं तोंड करून, आणि दोन्ही पाय समोर उचलून धरले. सायकल डोलत निघाली. तो मला ओरडून म्हणाला, "बोंदरे भाऊ, घर उघडंच राहिलं हो! कुलूप लावून घेजा!"

मी म्हटलं, "हव, लावतो!"

त्याला ऐकू गेलं की नाही, कोण जाणे. पाय वर धरून तो तसाच लांब होत गेला.